नाही म्हणायची सोय

कोरियन मालिका पाहणाऱ्या मुलामुलींना सोजूची हिरवी बाटली आता परकी राहिलेली नाही. अंबाजोगाईच्या नाहीतर बीडच्या वसतिगृहात मोबाइलवर मालिका लागलेली असते. तिच्यातला कारकून साहेबाची बोलणी खाऊन रस्त्याकडेच्या तंबूत येऊन बसतो, शेजारचा त्याचा पेला भरतो, आणि पाहणाऱ्याला त्याचं दुःखसुद्धा हवंहवंसं वाटतं. त्या बाटलीत ३६० मिलिलिटर दारू असते. हल्लीच्या सोजूत अल्कोहोल साधारण १६ टक्के, म्हणजे अख्ख्या बाटलीत शुद्ध अल्कोहोल सुमारे ५८ मिलिलिटर. आपल्या देशीची नेहमीची ताकद ४२.८ टक्के. तिच्या १८० मिलिलिटरच्या एका क्वार्टरमध्ये शुद्ध अल्कोहोल भरतं ७७ मिलिलिटर. तिकडे दोघं-तिघं मांस-भाजी खात, गप्पा मारत जी बाटली संपवतात, तिच्याहून जास्त अल्कोहोल केज-गेवराईच्या बाजारातला माणूस दुकानाच्या जाळीपाशी उभ्या उभ्या, मीठ-फुटाण्यावर, पाचेक मिनिटांत रिचवतो आणि रिकाम्या पोटी घराची वाट धरतो.

या दोन बाटल्यांचं कूळ मात्र एकच आहे. सोजू पूर्वी तांदळाची असे. पार्क चुंग-ही यांच्या सरकारने १९६५ मध्ये, देशात खायलाच तांदूळ पुरेना म्हणून, धान्यापासून दारू गाळायला बंदी घातली. मग कारखान्यांनी रताळी, टॅपिओका आणि उसाची मळी यांपासून ९५ टक्क्यांचं स्पिरिट काढलं, त्यात पाणी आणि गोडी मिसळली आणि तीच सोजू म्हणून विकली. जुनी तांदळाची सोजू जवळजवळ विस्मरणात गेली. आज जग जिला कोरियाची पारंपरिक दारू समजतं ती एका टंचाईच्या कायद्यातून जन्मली. त्याआधीचा इतिहासही आपल्या ओळखीचाच आहे. १९०९ मध्ये जपानी वर्चस्वाखाली तिथे दारूवर कर बसला, पुढे परवाने कडक होत गेले आणि १९३४ पर्यंत घरी दारू गाळणं पूर्ण बेकायदा ठरलं. घरापुरती गाळायची मुभा परत मिळाली ती थेट १९९५ मध्ये. दरम्यान १९७६ मध्ये सरकारने असा नियम केला की घाऊक व्यापाऱ्याने निम्मा माल आपल्याच प्रांतातल्या कारखान्याकडून घ्यायचा. १९९६ मध्ये तिथल्या घटना न्यायालयाने तो नियम रद्द केला, पण तोवर प्रत्येक प्रांताला आपापली सोजू आणि तिचा अभिमान मिळालेला होता. लोक काय पितात, किती ताकदीचं पितात आणि कोणाचं पितात, हे तिथे सरकार, कारखाना आणि करखातं यांनी ठरवलं. सवय नंतर आली.

बीड जिल्ह्यात याहून वेगळं घडलेलं नाही. १९४८ पर्यंत आपण निजामाच्या राज्यात होतो आणि अबकारी हे त्या दौलतीच्या उत्पन्नाचं मोठं अंग होतं. शिंदीची झाडं आणि मोहाची दारू गुत्तेदाराच्या हाती होती. १९५६ मध्ये मराठवाडा मुंबई राज्यात आला आणि त्या राज्याची दारूबंदीही मागोमाग आली. बंदीच्या काळात हातभट्टी वाढली. काळा गूळ, नवसागर आणि ओढ्याकाठचं पाणी एवढ्यावर तिचं भागत होतं. मग १९७२ चा दुष्काळ पडला आणि १९७३ मध्ये देशी मद्याचे नियम आले. या दोन्हींमध्ये कारणसंबंध आहे असं मी म्हणणार नाही. पण आष्टी, पाटोदा, शिरूर, धारूर, वडवणी इथल्या डोंगरकपारीतून ऊसतोडीला जाणाऱ्या टोळ्या दुष्काळानंतरच्या वर्षांत फुगत गेल्या. ज्या उसाला त्या लागल्या त्याच उसाची मळी देशीच्या बाटलीत उतरू लागली, हे एकाच दशकात घडलं. त्याची आपण एकत्र नोंद कधी घेतली नाही.

ही नोंद घेऊन पाहू. एक टन ऊस गाळला की साधारण चाळीस किलो मळी निघते आणि टनभर मळीतून अडीचशे लिटरच्या आसपास अल्कोहोल मिळतं. म्हणजे टनभर उसामागे दहा लिटर अल्कोहोल. त्याची देशी केली तर सव्वाशेहून जास्त क्वार्टर भरतील. सगळी मळी देशीकडे जात नाही. आता तर बराच वाटा पेट्रोलमध्ये मिसळायच्या इथेनॉलकडे वळला आहे. तरी हिशेब समजून घ्यावा असा आहे. जून २०२५ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने देशीवरचं शुल्क प्रूफ लिटरमागे १८० वरून २०५ रुपये केलं आणि क्वार्टरची किमान किंमत ८० रुपये ठरवली. या दराने एका क्वार्टरमागे सरकारला सत्तावीस रुपयांवर नुसतं उत्पादन शुल्क मिळतं, विक्रीकर वेगळा. सव्वाशे क्वार्टरचे तीन हजार चारशे रुपये झाले. आणि तो टनभर ऊस तोडून, साळून, मोळ्या बांधून, डोक्यावरून गाडीत भरणाऱ्या नवरा-बायकोला, जानेवारी २०२४ च्या करारातली ३४ टक्के वाढ धरून, दोघांत मिळून साधारण ३६६ रुपये मिळतात. त्यांच्या मजुरीच्या नऊपट रक्कम सरकार त्याच टनातून निघू शकणाऱ्या दारूवर घेऊ शकतं. हे मांडताना मला राग येतो आणि तो लपवायचं कारण दिसत नाही.

दारू महाग केली की पिणं कमी होतं, असं आरोग्याचे अभ्यासक सांगतात आणि ते बहुतांशी खरं आहे. पण ज्या घरात कमावणारे दोघे आणि खर्चणारा एकच असतो, तिथे वाढलेले दहा-वीस रुपये आधी तेलातून आणि भाजीतून जातात. कोरियाने दुसरी वाट धरली. सोजूची ताकद १९६५ मध्ये तीस टक्के होती, १९७३ मध्ये पंचवीस, १९९८ मध्ये तेवीस आणि आता सोळाच्या घरात. कंपन्यांनी हे काही लोकांच्या यकृताच्या काळजीने केलं नाही. स्पिरिट कमी लागलं तर खर्च वाचतो, आणि सौम्य दारूला स्त्रियांचं नवं गिऱ्हाईकही मिळतं. त्यांच्या जाहिरातींत नट्या झळकल्या त्या याच कारणाने. तरीही गोष्ट उरतेच, की पन्नास-साठ वर्षांत एका अख्ख्या देशाच्या पेल्यातली ताकद निम्म्यावर आणता येते. आपल्याकडे भावावर, दुकानाच्या अंतरावर, महामार्गावर वाद झडतात. ४२.८ हा आकडा वादात कधी येतच नाही.

पण मला कोरियाकडून याहून मोठी गोष्ट शिकावीशी वाटते, ती पिण्याच्या नव्हे, न पिण्याच्या रीतीची. तिथे कचेरी सुटल्यावर सगळ्यांनी साहेबाबरोबर जेवायला आणि प्यायला जायचं, या प्रकाराला होएसिक म्हणतात. स्वतःचा पेला स्वतः भरायचा नाही. वडीलधाऱ्याने ओतलं तर दोन्ही हातांनी पेला धरायचा आणि तोंड वळवून प्यायचं. रीत अदबीची आहे, पण तिच्यात नकाराला जागा नव्हती. नाही म्हणणारा माणूस टोळीतून उठला असं समजत. २००७ मध्ये सोलच्या उच्च न्यायालयाने, हाताखालच्या बाईला जबरदस्तीने पाजणं बेकायदा आहे असं मानून तिला भरपाई द्यायला लावली. पुढे कामाच्या तासांवर मर्यादा आली, २०१९ मध्ये कचेरीतल्या छळाविरुद्ध कायदा आला, मग कोविडने ते मेळावेच काही काळ बंद पाडले. आता तरुण पोरं सरळ घरी जातात. कायदा येण्याच्या कितीतरी आधीपासून तिथे नकाराचं एक मान्य कारण होतं: प्रोटेस्टंट चर्च. मी चर्चला जातो, एवढं सांगितलं की बहुतेक साहेब पेला मागे घेत.

हे वाचलं तेव्हा मला आपली वारकऱ्याची माळ आठवली. बीड जिल्हा दारूसाठी जितका बदनाम आहे तितकाच तो माळकऱ्यांचा जिल्हा आहे. नारायणगड, गहिनीनाथगड, नगरच्या सीमेवरचा भगवानगड, गावोगावचे सप्ताह, काल्याचं कीर्तन. या सगळ्यांनी इथल्या कष्टकऱ्याला न पिण्याची प्रतिष्ठा दिली. गळ्यात तुळशीची माळ दिसली की लग्नाच्या वरातीत, निवडणुकीच्या जेवणावळीत, मुकादमाच्या बैठकीत त्याला कोणी आग्रह करत नाही. उलट पिणारेच जरा सरकून बसतात. "महाराज आलेत, बाजूला ठेव रे," एवढ्यावर विषय संपतो. न पिणाऱ्याला इथे भित्रा म्हणत नाहीत, बायकोच्या मुठीतला म्हणत नाहीत. व्यसनमुक्ती केंद्रांचं मोल मी जाणतो. अनिता आणि अनिल अवचटांनी १९८६ मध्ये पुण्यात सुरू केलेल्या मुक्तांगणने हजारो घरं सावरली. पण केंद्रातून परतलेल्या माणसाची खरी परीक्षा गावच्या पारावर असते. तिथे त्याच्या नकाराला आधार लागतो, आणि आपल्याकडे तो आधार माळेने पिढ्यान्‌पिढ्या दिला आहे. सरकारी भिंतीवर रंगवलेल्या घोषणांपेक्षा त्याचं वजन मला जास्त वाटतं.

माळ घालायची की नाही, हे मात्र पुरुष ठरवतो. त्याच्याबरोबर कोयत्याला बांधल्या गेलेल्या बाईचं काय? एक कोयता म्हणजे एक जोडपं. पावसाळ्यात मुकादम उचल, म्हणजे आगाऊ मजुरी, देतो ती जोडप्याच्या नावाने, पण मोजून हातात पडते पुरुषाच्या. ज्या दिवशी उचल मिळते त्या संध्याकाळी तालुक्याच्या गावात देशीच्या दुकानावर कशी गर्दी असते ते कोणीही जाऊन पाहावं. पुढचे पाच-सहा महिने ती उचल फेडली जाते दोघांच्या अंगातून. पहाटे चारला कोपीत, तळावरच्या खोपटात, चूल पेटवून भाकरी थापायच्या, अंधारातच फडात जायचं, दिवसभर मोळ्या वाहायच्या, गाडी रात्री आली तर रात्री भरायची. नवरा पिऊन पडला आणि त्याचा खाडा झाला, तर तो खाडा कोयत्याच्या हिशेबातून कापला जातो. म्हणजे न पिता तीही भरपाई करते. तिच्या हाताला रोख लागते ती एका गोष्टीची, वाढ्यांची. उसाचे शेंडे बांधून गावात जनावरांना वैरण म्हणून विकायचे आणि त्या पैशांत मीठ-मिरची, पोराचं औषध आणायचं. संध्याकाळी कोप्यांमध्ये भांडण होतं ते बहुतेक वेळा याच वाढ्यांच्या पैशांवरून.

कायद्याने तिला नकाराचं एक हत्यार दिलं आहे, आडवी बाटली. गावातल्या पंचवीस टक्के महिला मतदारांनी लेखी मागणी केली की पडताळणी होते, मग गुप्त मतदान. मतपत्रिकेवर एक बाटली उभी, एक आडवी. आडवीला बहुमत मिळालं तर दुकान बंद. हे हत्यार चांगलं आहे, त्याने महाराष्ट्रातली अनेक दुकानं बंद झाली आहेत. पण २००८ च्या आदेशाप्रमाणे आडवीची मतं झालेल्या मतदानाच्या निम्म्याहून जास्त असून चालत नाही. यादीतल्या एकूण महिलांच्या निम्म्याहून जास्त लागतात. आमदार-खासदाराला अशी अट नाही. सरपंचालाही नाही. आता आपल्या बालाघाटाच्या डोंगरातलं एक गाव डोळ्यांसमोर आणा, जिथे यादीत हजार बायका आहेत आणि दिवाळीनंतर त्यातल्या चारशे सांगली-कोल्हापूरला नाहीतर कर्नाटकात फडावर गेल्या आहेत. राहिल्या सहाशे. त्यातल्या म्हाताऱ्या, बाळंतिणी, परगावी दिलेल्या पण यादीत नाव राहिलेल्या पोरी वजा करा. उरलेल्या झाडून सगळ्या आल्या आणि सगळ्यांनी आडवीवर शिक्का मारला, तरी पाचशे एकचा आकडा हाती लागायची मारामार. गैरहजर बाईचं मत आपोआप उभ्या बाटलीला मोजलं जातं. दारूचा चटका जिला सगळ्यांत जास्त बसतो, तीच दुकान चालू ठेवायला कारण ठरते.

फडावर तर तिला तेवढंही नाही. कारखान्याच्या तळापासून चालत जाण्याच्या अंतरावर दुकान असतं, हंगामभर ते कोप्यांच्या पैशावर चालतं, आणि त्या गावच्या मतदारयादीत तिचं नाव नसतं. सहा महिने ती अशा ठिकाणी राहते जिथल्या दुकानाबद्दल तिने बोलायचं नाही, आणि उरलेले सहा महिने अशा गावी, जिथलं मतदान कधी घ्यायचं ते तिच्या हातात नाही.

हे दुरुस्त करायला नव्या दारूबंदीची गरज नाही. चंद्रपुरात २०१५ मध्ये बंदी आली आणि २०२१ मध्ये उठली. जिल्ह्यापुरत्या बंदीचं बळ आणि मर्यादा दोन्ही तिथे दिसल्या. बीडला यापेक्षा साध्या दोन-तीन गोष्टी हव्यात. उचलीचा निम्मा हिस्सा बाईच्या नावाने तिच्या बँकखात्यात जावा. कोयता दोघांचा आहे, तर उचलही दोघांची. आडवी बाटलीचा निकाल झालेल्या मतदानावर लागावा, यादीवर नव्हे. ते होईपर्यंत ऊसतोडीच्या जिल्ह्यांत हे मतदान जून ते सप्टेंबर याच काळात घ्यायचा दंडक असावा, टोळ्या गावात असताना. कोण गेलं आणि कोण राहिलं हे कळत नाही, असं तहसीलला आता म्हणता येणार नाही. गोपीनाथराव मुंडे यांच्या नावाच्या ऊसतोड कामगार कल्याण महामंडळाच्या योजनेसाठी ग्रामसेवकांनी या कामगारांची नोंदणी करून त्यांना ओळखपत्रं द्यायची असतात. आडव्या बाटलीच्या मागणीचा अर्ज आला की ते रजिस्टर उघडून पाहिलं तरी पुरे.