पाड्यावरचा प्रेक्षक

मुंबई–अहमदाबाद महामार्गास डहाणू–जव्हार रस्ता जेथे छेदतो, त्या चारोटी नाक्यासारख्या ठिकाणी मोबाइलच्या दुकानात थोडक्या पैशांत मेमरी कार्डात चित्रपट भरून मिळावेत, आणि ते घेऊन पाड्यावर परतणाऱ्या तरुणाच्या मनास अपराधाची शंकाही शिवू नये, हे कायदेपंडितांस रुचो वा न रुचो, त्यामागील कारणे न्यायबुद्धीने पाहिली पाहिजेत. एके काळी महाराष्ट्रातील जत्राजत्रांतून तंबूतला सिनेमा हिंडत असे. पडदा, यंत्र आणि रिळांच्या पेट्या ट्रकवर लादून चालक गावी येत, तिकिटाचे पैसे घेत आणि भाड्याच्या रूपाने वितरकाचा वाटा त्याला पोचता करीत. ती प्रथा ओसरली. मालकी हक्क अबाधित राहिला, परंतु चित्रपट प्रेक्षकापर्यंत नेण्याचे उत्तरदायित्व कोणीच अंगावर घेतले नाही. मल्टिप्लेक्सचे तिकीट पाड्यावरच्या मजुरीस झेपत नाही, ओटीटीच्या वर्गणीस बँकेचे खाते आणि अखंड नेटवर्क लागते, आणि जुने मराठी चित्रपट तर कित्येकदा पैसे मोजूनही मिळत नाहीत.

तरीही चोरीची प्रत निर्दोष ठरते असे मी म्हणणार नाही, आणि त्याचे कारण याच मुलखात आहे. डहाणू तालुक्यातील गंजाडचे जिव्या सोमा म्हसे, ज्यांना 2011 मध्ये पद्मश्री मिळाली, यांनी वारली समाजाची लग्नचौकाची चित्रकला कागदावर आणि कापडावर आणून जगापुढे ठेवली. पुढे साड्यांवर, कपबश्यांवर, कचेऱ्यांच्या भिंतींवर त्या आकृत्या वारल्यांना न विचारता उमटत गेल्या, आणि 2014 मध्ये या कलेस भौगोलिक मानांकन मिळाल्यावरही ती नक्कल थांबलेली नाही. श्रम एकाचे आणि मोबदला दुसऱ्याला, हे ज्यांनी सोसले त्यांना छायालेखकाचा वा संकलकाचा हक्क समजावून सांगावा लागत नाही. परंतु साधनसंपन्न व्यापाऱ्याने विक्रीकरिता केलेली नक्कल, आणि अन्य सर्व मार्ग बंद असता केवळ पाहण्याकरिता घेतलेली प्रत, या दोहोंना एकाच तागडीत तोलणे मला अन्यायाचे वाटते. कार्डे भरून कमाई करणारा दुकानदार आणि परवडत असूनही फुकट पाहणारा शहरवासी यांना ही सबब लागू नाही.

कायद्यासही हा विचार सर्वस्वी अपरिचित नाही. 1957 च्या कॉपीराइट कायद्याच्या 31 व्या कलमात, मालकाच्या नकारामुळे कृती लोकांपासून रोखली गेली असता सक्तीच्या परवान्याची तरतूद आहे. पण अशी दरखास्त घेऊन पाड्यावरचा मनुष्य न्यायालयाची पायरी कधी चढणार? उलट 2023 च्या दुरुस्तीने सिनेमॅटोग्राफ कायद्यात चोरट्या चित्रीकरणास किमान 3 महिने कैद आणि 3 लाख रुपये दंड ठरविला. शिक्षेची तजवीज इतकी तपशीलवार, आणि पोचविण्याची इतकी मोघम! शासनाने जुन्या मराठी चित्रपटांचे प्रदर्शन-हक्क रास्त मोबदला देऊन घ्यावेत आणि डहाणू-तलासरीच्या आश्रमशाळांतून ते दाखवावेत. ज्या निर्मात्यास हे मान्य नसेल, त्याने पाड्यावर परवडेल अशा दरात आपला चित्रपट आधी उपलब्ध करावा, आणि मग खुशाल फिर्याद गुदरावी.