मॉड अ‍ॅप आणि अचौर्यव्रत

अँड्रॉइड फोनवर प्ले स्टोअर वगळून अ‍ॅपची एपीके फाइल थेट बसवणे म्हणजे साइडलोडिंग. या तंत्रात गैर काही नाही. कितीतरी मुक्त सॉफ्टवेअर याच वाटेने फोनवर येते. प्रश्न उभा राहतो तो व्हिडिओ अ‍ॅपच्या ‘मॉड’ आवृत्तीपाशी. मूळ अ‍ॅप उकलून जाहिराती आणि वर्गणीची अट काढली जाते, मग ते नव्या डिजिटल सहीने पुन्हा बांधले जाते. सही जुळत नसल्याने ते मूळ अ‍ॅपवर बसत नाही. आधीचे काढून टाकावे लागते.

ही चोरी आहे का? यात कोणाचे काही कमी होत नाही, हा नेहमीचा बचाव. जैन आचार्य उमास्वातींच्या तत्त्वार्थसूत्रात मात्र मालकाचे नुकसान ही चोरीची कसोटीच नाही. न दिलेले घेणे एवढे पुरेसे आहे. अचौर्यव्रताच्या, म्हणजे चोरी न करण्याच्या व्रताच्या, अतिचारांत (व्रताला लागणाऱ्या दोषांत) चोराला उत्तेजन देणे, चोरीचा माल स्वीकारणे आणि नकली मालाचा व्यवहारही मोजला आहे. म्हणजे मॉड बनवणाऱ्यासोबत तो बसवून घेणाराही दोषाचा वाटेकरी होतो, आणि ते योग्यच आहे.

केवळ जाहिराती गाळणे हे जास्त अवघड प्रकरण. २०२२ साली बंद पडलेले यूट्यूब व्हान्स्ड हे मॉड अ‍ॅप अनेकांनी त्यासाठीच वापरले. जाहिरात लागताच प्रेक्षकाने मान वळवली तर त्याला कोणी चोर म्हणणार नाही. पण व्हिडिओ ज्या अटीवर दिला जातो ती अटच यंत्रातून काढली, तर ‘दिलेले’ काय उरते? व्रताच्या दृष्टीने दोष इथे सुरू होतो.