निलंबनाची मुदत

लाचखोर कर्मचाऱ्यास न्यायालये पुन्हा खुर्चीवर बसवतात, म्हणून खटल्याचा अंतिम निकाल लागेपर्यंत त्याचे निलंबन अबाधित ठेवावे आणि न्यायाधिकरणांनी त्यात हात घालू नये, असे प्रतिपादन अलीकडे मोठ्या आवेशाने केले जात आहे. सातबाऱ्यावरील एका नोंदीसाठी ज्याला खिसा रिकामा करावा लागला, त्याचा संताप न्याय्यच आहे. परंतु दीर्घ निलंबन म्हणजे कठोर शासन ही या मागणीच्या मुळाशी असलेली समजूत मला घातक वाटते.

कायद्याच्या दृष्टीने निलंबन ही शिक्षाच नव्हे. संविधानाच्या अनुच्छेद ३११ ने बडतर्फी वा पदावनतीच्या प्रसंगी जे संरक्षण दिले आहे ते निलंबनाला लाभत नाही, कारण दफ्तर सुरक्षित राहावे आणि साक्षीदारांवर दडपण येऊ नये एवढ्यापुरतीच ती तजवीज आहे. या तजविजीचे शिक्षेत रूपांतर किती सहज होते, हे पाहण्यासाठी आपल्याच राज्याचा एक जुना नियम आठवावा. मुंबई नागरी सेवा नियमांतील एका परंतुकान्वये, निलंबित कर्मचाऱ्यास फौजदारी न्यायालयाने दोषी ठरवले की, त्याचे अपील प्रलंबित असतानाही, निर्वाह भत्ता दरमहा १ रुपयावर येई. अपिलाचा हक्क द्यायचा आणि त्याचा निकाल लागेपर्यंत जगण्याचे साधन मात्र काढून घ्यायचे, ही विसंगती नियम रचणाऱ्यांना खटकली नाही. १९८३ साली सर्वोच्च न्यायालयाने ते परंतुक रद्दबातल ठरवले, तेव्हा त्याने लाचखोरीला अभय दिले नव्हते, तर राज्याच्या हातून उपासमारीचे एक हत्यार काढून घेतले होते. आजचे अनेक आवेशी लेख वाचताना मला तोच एक रुपया पुन्हा मागितला जात असल्याचा भास होतो.

१६ फेब्रुवारी २०१५ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्याच न्यायमूर्ती विक्रमजित सेन यांनी लिहिलेल्या निकालाने हीच दिशा पुढे नेली. तीन महिन्यांत दोषारोपपत्र बजावले नाही तर निलंबन पुढे चालू राहू नये, असे त्याने ठरवले. ज्या अधिकाऱ्याने दाद मागितली होती त्याच्यावर तोवर दोषारोपपत्र बजावले गेल्यामुळे त्याच्या पदरात त्यातून काही पडले नाही. तत्त्व मात्र उरले, आणि ९ जुलै २०१९ च्या शासन निर्णयाने महाराष्ट्राने ते स्वीकारले.

येथवर मी या निकालाचा निःसंकोच पक्षधर आहे. तथापि आक्षेपकांचे एक म्हणणे मला टाळता येत नाही: ज्या खात्याने आरोपीस वाचवायचे मनावर घेतले, त्याला आता केवळ ९० दिवस स्वस्थ बसणे पुरेसे आहे. सापळा यशस्वी झाला, अटक झाली, परंतु कागद खात्याकडे आलेच नाहीत किंवा आले ते टेबलावर पडून राहिले, तर मुदतीचे संरक्षण निरपराधाइतकेच अपराध्यालाही मिळते. हा धोका खरा आहे, आणि मुदतीची स्तुती करून तो दूर होणार नाही.

मात्र त्यावरचा उपाय त्याच निकालात आहे. अशा कर्मचाऱ्याची प्रकरणाशी संबंध नसलेल्या कचेरीत बदली करण्याची, त्याला अभिलेखांना हात लावण्यास आणि साक्षीदारांशी संपर्कास मनाई करण्याची मुभा त्याने शासनाला दिली, आणि फौजदारी तपास चालू असताना खातेनिहाय चौकशी तहकूब ठेवण्याचा केंद्रीय दक्षता आयोगाचा पूर्वीचा दंडकही निष्प्रभ केला. हा शेवटचा भाग वादात कोणी उच्चारतही नाही. फौजदारी न्यायालयाला निःसंशय सिद्धता लागते, चौकशी अधिकाऱ्याला संभाव्यतेचा तोल पुरतो. मग खटल्याच्या तारखांकडे डोळे लावून वर्षानुवर्षे चौकशीच न करता, काम न घेता निर्वाह भत्ता वाटणे, आणि पुढे निर्दोष सुटका झाल्यास बहुधा मागचे वेतनही देणे, याला कठोरपणा कसे म्हणावे? लाचलुचपत प्रतिबंधक विभागाने आवश्यक अभिलेख खात्यास द्यावेत असे २०१९ चा शासन निर्णय सांगतोच. ते मुदतीत दिले नाहीत, किंवा मिळूनही दोषारोपपत्र निघाले नाही, तर त्या दिरंगाईचा जाब संबंधित अधिकाऱ्याकडून नावानिशी घेतला जावा आणि त्याच्या गोपनीय अहवालात त्याची नोंद व्हावी, ही मागणी मी न्यायालयांवर रुष्ट झालेल्या मंडळींपुढे ठेवतो.