बूसीरीच्या ओळींमधली जागा

तेराव्या शतकात इजिप्तमध्ये अल्-बूसीरी नावाचा कवी होऊन गेला. सरकारदरबारी कारकुनी करायची आणि लाचखाऊ सहकाऱ्यांवर बोचरी कवनं रचायची, असा त्याचा खाक्या. पुढे अर्धांगाने त्याला गाठलं. आख्यायिका सांगते, की प्रेषित मुहम्मदांची स्तुती रचून तो झोपला, स्वप्नात त्यांनी आपली चादर त्याच्या अंगावर घातली आणि तो बरा होऊन उठला. म्हणून ती कविता ‘कसीदा बुर्दा’, म्हणजे चादरीचं स्तुतिकाव्य. सुमारे १६० बैत, म्हणजे दोन ओळींची कडवी, आणि प्रत्येकाचा शेवट ‘म’च्या नादावर.

हा कसीदा आज फोनवर दोन रूपांत भेटतो. एक टंकलेला: वर अरबी, खाली उर्दू किंवा इंग्रजी अर्थ. लख्ख आणि सोयीचा. दुसरं रूप जुन्या हस्तलिखितांच्या छायाचित्रांचं. बाल्टिमोरच्या वॉल्टर्स संग्रहालयाने आपली अरबी-फारसी हस्तलिखितं पानोपानी खुली केली आहेत, त्यांत बुर्दाही आहे. पानं उघडायला वेळ लागतो, अक्षर लागत नाही. तरी माझा ओढा दुसऱ्याकडेच.

कारण भक्तीची कविता एकट्या कवीची राहतच नाही. ‘तख्मीस’ या प्रकारात नंतरचा कवी बूसीरीच्या दोन ओळींना आपल्या तीन ओळी जोडतो. अनेक हस्तलिखितांत मूळ ओळी ठळक अक्षरांत असतात, जोडलेल्या बारीक. केवढी ही अदब, आणि सलगीही! केंब्रिजच्या ग्रंथालयात सोळाव्या शतकातलं मलय भाषांतर आहे. ते अरबी ओळींच्या मधल्या जागेत लिहिलेलं. तिथे वाचणाऱ्याची नजर मुळाला वळसा घालून अर्थाकडे जाऊच शकत नाही. १८९० साली हेच काव्य चिनी भाषेत छापलं गेलं. एवढा प्रवास झाला तो नकलून घेणाऱ्या हातांच्या आणि पाठ करणाऱ्या कंठांच्या बळावर.

टंकलेल्या पानावर हे हात पुसले जातात. कसीद्याच्या दुसऱ्या प्रकरणात बूसीरी मनाला अंगावरचं दूध न सोडणाऱ्या तान्ह्या मुलाची उपमा देतो. तेवढाच बैत सुटा काढून, सुंदर चित्रावर छापून लोक एकमेकांना पाठवतात. पाठवू द्यात, कविता फिरतेय हे बरंच आहे. पण खालचा अर्थ कुणी लावला ते तिथे नसतं. एका ओळीत अनुवादकाचं नाव टंकायला असा किती वेळ लागतो?