खेळाची रीत

प्रेमचंदांची ‘शतरंज के खिलाडी’ ही कथा १९२४ साली प्रसिद्ध झाली. नवाबी लखनऊच्या अस्तकाळी राज्य बुडत असताना मिर्झा सज्जाद अली आणि मीर रोशन अली हे दोन जहागीरदार बुद्धिबळात गुंग राहतात, आणि आपल्या राजासाठी एक अश्रूही न ढाळणारे हे दोघे पटावरच्या वजिरापायी एकमेकांचे प्राण घेतात, असा तिचा शेवट आहे. सत्यजित राय यांनी १९७७ साली या कथेवर चित्रपट केला, तेव्हा तो शेवट त्यांनी बदलला. त्यांचे मीर आणि मिर्झा मरत नाहीत. कंपनीची फौज शहरात शिरल्यावर ते पुन्हा पट मांडतात. मात्र या वेळी डाव इंग्रजी रीतीने खेळला जातो.

समीक्षकांनी या बदलाकडे बहुधा उपरोधाची एक छटा म्हणून पाहिले आहे. वस्तुतः त्यात एक गंभीर नैतिक प्रश्न दडलेला आहे. पट तोच, मोहरी तीच, खेळणारेही तेच. बदलली ती फक्त रीत. मग बदलले ते नेमके काय?

देशी रीतीत प्यादे पहिल्या चालीतही एकच घर पुढे जाते. ते शेवटच्या ओळीत पोहोचले की, प्रांतोप्रांतीचे किरकोळ भेद सोडल्यास, ज्या घरात पोहोचले त्या घरच्या मोहऱ्याची पदवी त्याला मिळते. इंग्रजी रीतीत प्यादे पहिल्या चालीत दोन घरे जाऊ शकते, वजिराच्या जागी राणी येते, आणि डावाची गती वाढते. महाराष्ट्रालाही या द्वैताचा परिचय जुनाच आहे. त्रिवेंगडाचार्य शास्त्री यांच्या बुद्धिबळावरील संस्कृत ग्रंथाचे इंग्रजी भाषांतर १८१४ साली मुंबईत छापले गेले, तेव्हा हे निबंध युरोपीय रीतीला अनुसरून आहेत असा खुलासा त्याच्या शीर्षकातच करावा लागला होता. पुढे पंजाबचा सुलतान खान देशी रीतीत तयार झाला, नंतर युरोपीय रीत शिकला आणि १९२९, १९३२ व १९३३ अशी तीन वर्षे ब्रिटिश अजिंक्यपदाचा मानकरी ठरला. रीत बदलली की बुद्धीला नवे वळण द्यावे लागते.

आजच्या तरुण पिढीच्या हाती असलेल्या लष्करी नेमबाजीच्या संगणकीय खेळांत या रीतीला ‘मोड’ म्हणतात. मराठी कानाला हा शब्द चमत्कारिक वाटावा. आपल्याकडे मोड कडधान्याला येतात, रुपयाची होते. आणि डाव ‘मोडतो’ तेव्हा खेळच संपतो. इंग्रजीत हाच शब्द संगीतातील स्वरसप्तकाच्या मांडणीलाही लावतात. योगायोग असा की, दहा थाटांची व्यवस्था लावणाऱ्या पंडित विष्णु नारायण भातखंडे यांच्या प्रयत्नांतून उभे राहिलेले संगीत महाविद्यालय १९२६ साली लखनऊतच सुरू झाले. स्वर तेच असतात. कोणते घ्यावयाचे आणि कोणते वर्ज्य करावयाचे, यावर भाव ठरतो. खेळाच्या रीतीचेही तसेच आहे.

‘कॉल ऑफ ड्यूटी’ किंवा ‘काउंटर-स्ट्राइक’ यांसारख्या खेळांचा विचार करताना टीकाकारांची दृष्टी बहुधा चित्रावर खिळलेली असते: बंदुका किती हुबेहूब, रक्त किती. भारतात सप्टेंबर २०२० मध्ये ‘पबजी मोबाइल’वर बंदी आली आणि २०२१ साली त्याची भारतीय आवृत्ती अवतरली, तेव्हा तिच्यात रक्त हिरव्या रंगात दाखविण्याची सोय होती. शंभर जण एका बेटावर उतरतात, सुरक्षित वर्तुळ आकसत जाते आणि शेवटी उरेल तो जिंकतो, ही मूळ रीत मात्र जशीच्या तशी राहिली. म्हणजे रंग बदलला, नीती बदलली नाही. खेळाची नीती त्याच्या चित्रांत शोधणे हे नाटकाचा आशय पडद्याच्या रंगात शोधण्यासारखे आहे.

खरा भेद रीतीत कसा असतो, हे एका साध्या तुलनेवरून दिसते. संघ विरुद्ध संघ अशा सर्वपरिचित रीतीत मेलेला खेळाडू काही क्षणांत पुन्हा उभा राहतो आणि अधिक बळी घेणारा संघ जिंकतो. येथे मृत्यू म्हणजे केवळ आकडा, आणि खेळाडू बेफिकीरपणे पुढे धावतो. तोच नकाशा, तीच बंदूक घेऊन तो बॉम्ब पेरण्याच्या व निकामी करण्याच्या रीतीत उतरला की, मेलेल्याला फेरी संपेपर्यंत परत येता येत नाही. लगेच त्याची चाल बदलते. तो भिंतीला धरून चालतो, साथीदाराची वाट पाहतो, कान टवकारतो. जिवाचे मोल चित्राने शिकविले नाही, नियमाने शिकविले. आणखी एका कडक रीतीत स्वपक्षाच्या गोळीनेही माणूस पडतो. तेथे बंदुकीचा चाप ओढण्याआधी समोर कोण आहे हे पाहणे भाग पडते. विवेकाचा एक अंश अशा रीतीने नियमातूनच जन्म घेतो, आणि तो उपदेशातून येणाऱ्या विवेकापेक्षा कमअस्सल मानण्याचे कारण नाही.

‘होमो लुडेन्स’ या १९३८ सालच्या ग्रंथात योहान हुइझिंगा यांनी खेळाला रोजच्या जीवनापासून वेगळे काढलेले क्षेत्र मानले. त्या आखलेल्या सीमेच्या आत जे घडते ते बाहेर लागू नाही, असा युक्तिवाद त्यावरून सहज करता येतो. प्यादे मारणारा खुनी नसतो, हे खरेच. परंतु खेळात माणूस काही काळ दुसऱ्याने ठरवून दिलेली साध्ये आपली मानतो, हे सी. थी गुयेन या तत्त्वचिंतकाने २०२० साली दाखविले आणि त्यातील धोकाही सांगितला. खेळातील मोजमाप स्वच्छ असते, जीवनातील नसते, म्हणून त्या स्वच्छतेची चटक लागते. हा धोका तरुणांपुरता नाही. व्हिएतनामच्या युद्धात अमेरिकन लष्कराने शत्रूच्या मृतदेहांची संख्या हे यशाचे माप ठरविले, तेव्हा असे संगणकीय खेळ नव्हते. पण बळींची बेरीज करून विजय ठरविणारी रीत युद्धमंत्रालयात पोहोचलेली होती. संख्या वाढली की अधिकाऱ्याची प्रतिष्ठा वाढे, आणि मेलेला माणूस सैनिक होता की शेतकरी हा प्रश्न मागे पडे. खेळ युद्धाची नक्कल करतो याची चिंता पुष्कळ झाली. युद्धाने खेळाची मापे उचलावीत ही गोष्ट तितकीच चिंतेची आहे.

अशा मापांचा इतिहास लखनऊइतका बोलका क्वचितच सापडेल. निशाण हस्तगत करण्याची रीत संगणकीय खेळांत लोकप्रिय आहे. १८५७ साली लखनऊच्या रेसिडेन्सीच्या बुरुजावरील निशाणाने तीच भूमिका बजावली. ३० जूनच्या चिनहटच्या पराभवानंतर इंग्रज आत कोंडले गेले. ४ जुलैला हेन्री लॉरेन्स मरण पावला. वेढा नोव्हेंबरपर्यंत चालला. निशाण खाली पडले की पुन्हा चढविले जाई. टेनिसनने १८७९ साली यावर काव्य रचले, आणि पुढे साम्राज्यात इतरत्र निशाण सूर्यास्ताला उतरत असताना रेसिडेन्सीवरचे मात्र रात्रंदिवस फडकत ठेवण्याचा परिपाठ पडला. ‘कधीच न उतरलेले निशाण’ अशी दंतकथा त्यातून बनली. या दंतकथेत दोन गोष्टी गळतात. एक, नोव्हेंबर १८५७ मध्ये इंग्रजांनी रेसिडेन्सी रिकामी केली आणि मार्च १८५८ पर्यंत ती त्यांच्या ताब्यात नव्हती. दुसरी अधिक महत्त्वाची: आत लढणाऱ्या सुमारे १,७०० जणांपैकी सुमारे ७०० हिंदी शिपाई होते. निशाण मोजणाऱ्या रीतीला बाजू दोनच दिसतात. या सातशे जणांना कोणत्या बाजूला मोजावयाचे, हा प्रश्न तिच्यात मांडताच येत नाही.

बाजूंचा हा प्रश्न आधुनिक खेळांनी दोन परस्परविरुद्ध प्रकारे सोडविला आहे. ‘काउंटर-स्ट्राइक’मध्ये अर्धा सामना झाला की बाजू बदलतात, बॉम्ब पेरणारा आता तो निकामी करू लागतो. नीतीच्या दृष्टीने हे सपाट वाटेल, पण त्यात एक दुर्मीळ शिक्षण आहे: आपण आणि तो ही केवळ जागांची नावे आहेत. याउलट अमेरिकन लष्कराने २००२ साली स्वतः काढलेल्या आणि २०२२ साली बंद केलेल्या ‘अमेरिकाज आर्मी’ या खेळात प्रत्येक खेळाडूला आपला संघ अमेरिकन सैनिकांच्या वेषात दिसे आणि समोरचा संघ शत्रूच्या. समोरच्यालाही नेमके तसेच दिसे. म्हणजे त्या रणांगणावर शत्रू म्हणून खेळणारा कोणी नव्हताच. सर्वच न्यायाच्या बाजूने होते आणि तरीही गोळ्या चालू होत्या. या युक्तीइतके युद्धाचे अचूक आणि इतके भयावह वर्णन एखाद्या ग्रंथातही विरळा आढळेल. ज्यांनी ती योजिली त्यांच्या मनात मात्र तसे काही नसावे.

पण खेळाच्या रीतींत सर्वांत खटकणारी गोष्ट म्हणजे त्यांच्यात जे नाही ते. बुद्धिबळात डाव सोडता येतो; त्यात कमीपणा नाही. राजा मारला जात नाही, त्याची केवळ कोंडी होते. भीष्मपर्वाच्या आरंभी कुरू, पांडव आणि सोमक युद्धाचे जे नियम ठरवितात, त्यांत शरण आलेल्यावर, पाठ फिरविलेल्यावर, शस्त्र गळालेल्यावर प्रहार न करण्याचा करार आहे. ते नियम पुढे मोडले गेले, हा महाभारताचा विषयच आहे; परंतु मोडण्यासाठी ते आधी असावे लागले. आजच्या लोकप्रिय नेमबाजीच्या खेळांत एकट्या सैनिकाने हत्यार खाली टाकून जीव वाचविण्याची सोय जवळजवळ कोठेच नाही. तेथे तो नियम मोडता येत नाही, कारण तो नाहीच.

लखनऊने अशी रीत प्रत्यक्षात पाहिली आहे. १६ नोव्हेंबर १८५७ रोजी सिकंदरबागेत सुमारे दोन हजार बंडवाले शिपाई मारले गेले. कोणाला जीवदान देण्यात आले नाही. पुढच्या वर्षी फेलिचे बेआतो या छायाचित्रकाराने तेथे घेतलेल्या प्रसिद्ध छायाचित्रात पडक्या इमारतीसमोर हाडे विखुरलेली दिसतात. ती छायाचित्रासाठी मांडून ठेवली होती असे मानले जाते. युद्ध संपल्यावर त्याचा देखावा उभा करणे ही कल्पना संगणकाच्या पुष्कळ आधीची आहे.

या पार्श्वभूमीवर रेडक्रॉसच्या आंतरराष्ट्रीय समितीने केलेले दोन प्रयत्न लक्षणीय ठरतात. २०१७ साली ‘आर्मा ३’ या खेळात युद्धविषयक कायद्यांवर आधारलेला भाग आला, आणि २०२३ साली ‘फोर्टनाइट’मध्ये या समितीने एक स्वतंत्र रीतच आणली. पडलेल्या शत्रूवर गोळी झाडू नये, निःशस्त्रांना लक्ष्य करू नये, नागरी इमारती टाळाव्यात, औषधोपचार शत्रूलाही द्यावा, असे तिचे नियम. उपदेशाची पाटी लावण्याऐवजी नियमच बदलावा, ही तिच्यामागील जाण अचूक होती. खेळाडू आपण होऊन किती काळ असा संयम निवडतील, ही शंका उरते. तरीही निवड करता येते, एवढी गोष्ट खेळाला युद्धापासून वेगळी करते. खेळात रीत दोघांच्या संमतीने ठरते.

अवधशी कंपनीने जे केले ते याच ठिकाणी तपासावे लागते. १८३७ सालच्या तहान्वये गैरकारभार झाल्यास राज्याची व्यवस्था पाहण्याचा अधिकार कंपनीला होता, पण राज्य खालसा करण्याचा नव्हता. लंडनने तो तह नामंजूर केला. मात्र अवधच्या दरबाराला हे पूर्णपणे कळविले गेले नाही. केवळ फौजेच्या खर्चाचे कलम वगळल्याचे सांगण्यात आले. जवळजवळ दोन दशके नवाब एका रीतीने खेळत राहिले आणि कंपनी दुसऱ्या. दलहौसीच्या टीकाकारांनी याला विश्वासघात म्हटले, ते योग्यच आहे. पण त्याहून नेमके सांगायचे तर प्रतिपक्षाला न कळविता खेळाची रीत बदलणे हा खेळच राहत नाही. मिर्झा आणि मीर यांच्या व्यसनावर प्रेमचंदांनी ओढलेले कोरडे रास्त असले, तरी त्या दोघांच्या पटावर निदान दोघांना ठाऊक असलेले नियम होते. शहराच्या मोठ्या पटावर तेही नव्हते.

फेब्रुवारी १८५६ च्या आरंभी रेसिडेंट औट्रम नवा करारनामा घेऊन वाजिद अली शाहकडे गेला आणि त्याला तीन दिवसांची मुदत दिली. शाहने प्रतिकार केला नाही. तोफा गाड्यांवरून उतरविल्या गेल्या, शिपायांची हत्यारे काढून घेण्यात आली. त्याने डोक्यावरची पगडी काढून औट्रमच्या हाती ठेवली. इंग्रज लेखकांनी याला दौर्बल्य म्हटले, पुष्कळ हिंदी लेखकांनीही. ७ फेब्रुवारीला राज्य खालसा झाल्याचा जाहीरनामा निघाला. मार्चमध्ये शाह लखनऊ सोडून कलकत्त्याकडे निघाला आणि तेथे मटियाबुर्जला १८८७ साली वारला. करारनाम्यावर त्याने सही केली नव्हती.