रिसीव्हर मागण्याआधी

चि. मंजिरी,

ताईचा फोन आला होता. वाटपाच्या दाव्यात तू रत्नागिरीच्या सगळ्या मिळकतीवर रिसीव्हर मागणार आहेस, असं कळलं. अर्ज जरूर कर, पण सगळ्या मिळकतीवर नको. दिवाणी कोर्टात हयात घालवलेला मामा म्हणून हे स्पष्ट लिहितो.

रिसीव्हर हिस्सा ठरवत नाही. तो तुझा माणूस नाही, काकांचाही नाही, तो कोर्टाचा. निकाल लागेपर्यंत मिळकत नीट राहावी आणि उत्पन्न एकाच्याच घशात जाऊ नये, यासाठी त्याला नेमतात. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४० प्रमाणे कोर्टाला तसं करणं न्याय्य आणि सोयीचं वाटावं लागतं. काका तिथे राहतात, एवढं कारण पुरत नाही. सामाईकातल्या एकाचा ताबा कायदा सगळ्यांच्याच वतीने धरतो. एआयआर १९५५ मध्ये छापलेल्या मद्रास उच्च न्यायालयाच्या कृष्णस्वामी चेट्टी निकालात पाच कसोट्या आहेत, त्यांना तिथे ‘पंच सदाचार’ म्हटलंय. तुझी बाजू प्रथमदर्शनी भक्कम आहेच. खरी परीक्षा पुढची: मिळकतीला आज धोका काय, तो दाखव.

घराला धोका नाही. काका-काकू म्हातारी आहेत, कौलं दरवर्षी शाकारतात. तिथे रिसीव्हर मागितलास तर सूड दिसेल, आणि अर्जाचा चांगला भागही त्याच्यासोबत बुडेल. घर विकू नये, गहाण टाकू नये, एवढा मनाई हुकूम बस्स. खालच्या तुकड्यावर कूळ आहे, त्यालाही हात लावू नकोस. त्याला काढायचा हक्क आज तुम्हा कुणालाच नाही. तेव्हा रिसीव्हर आला तरी त्याला काढणार नाही.

बागेचं मात्र वेगळं. हापूसचं पीक दरवर्षी मार्च ते मे या काळात उतरतं, पेट्या वाशीला जातात, पैसे येतात आणि संपतात. तुझे बाबा गेल्यापासून काकांनी एका हंगामाचाही हिशेब दिलेला नाही. शेतसारा भरणारी जमीन असल्याने कोर्ट फक्त हिस्से जाहीर करेल. प्रत्यक्ष सरस-निरस वाटप कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांकडून व्हायचं. त्यात किती हंगाम जातील, कुणी सांगावं? जे वाहून जातंय ते बागेचं उत्पन्न आहे. रिसीव्हर तिथेच माग.

पण रिसीव्हर म्हणून तिऱ्हाईत वकील नेमला गेला तर त्याला तुडतुडे कधी पडतात, फवारणी कधी करायची, हे कळणार नाही. मोहोरावरची एक फवारणी चुकली की हंगाम गेला. त्याची फीसुद्धा उत्पन्नातूनच वळती होणार. म्हणून अर्जात अशी विनंती घाल की रिसीव्हरने हंगामाआधी बागेच्या पिकाचा लिलाव आधी हिस्सेदारांतच करावा, जास्त बोलणाऱ्याने जामीन देऊन बाग करावी आणि रक्कम कोर्टात जमा व्हावी. काकांनी बोली जिंकली तरी चालेल. झाडं त्यांनी राखलीत, त्यांना ती माहीत आहेत. तुझा पैसा कोर्टात सुरक्षित राहील आणि घरातलं बोलणंही तुटणार नाही. मला विचारशील तर यातलं दुसरं जास्त मोलाचं आहे.

नेमणूक झाली की आपलं काम संपलं, असं समजू नकोस. रिसीव्हरने कोर्ट ठरवेल त्या मुदतीत हिशेब द्यायचा असतो आणि त्याच्या हेतुपुरस्सर कसुरीने किंवा घोर निष्काळजीपणाने नुकसान झालं तर जबाबदारीही त्याचीच. हिशेब आला नाही तर लगेच अर्ज द्यायचा. पहिल्या दिवशी तो यादी करेल, तेव्हा स्वतः हजर राहा. झाडं मोजून घे, कलमी किती, रायवळ किती, विहिरीवरचा पंप चालू आहे की बंद, सगळं पंचनाम्यात लिहून सही होऊ दे.

आणखी एक. यंदा माणसं नेऊन आंबे उतरवायचा तुझा बेत आहे, असं ताई म्हणाली. तो सोड. कोर्ट अर्जदाराचं वागणंही पाहतं, आणि रिसीव्हर नेमल्यावर तसं केलंस तर तो कोर्टाच्या ताब्यातल्या मिळकतीवर टाकलेला हात ठरेल, अवमानाची नोटीस येईल.

आधी काकांना हिशेब मागणारी नोटीस स्पीड पोस्टाने पाठव, पोच जपून ठेव. मग सातबारा, फेरफार आणि वाशीच्या दलालाच्या जुन्या पट्ट्या सापडतील तेवढ्या घेऊन दिवाळीच्या सुट्टीत इकडे ये. मोहोर धरण्याआधी अर्ज दाखल झाला पाहिजे.

तुझा,
मामा