घरची वारी

भाविकहो, शांतिब्रह्म एकनाथमहाराजांच्या घरी रुसवे नव्हते असे कोणी समजू नये. पुत्र हरिपंडित विद्वान निघाले. वडील प्राकृतात पुराण सांगतात, कोणाच्याही घरी जेवतात, हे त्यांना रुचेना. ते उठून काशीस गेले. ज्या काशीत नाथांनी शके १४९५ त, म्हणजे १५७३ साली, मराठी भागवत पुरे केले, त्याच काशीस मुलगा मराठीवर रुसून गेला! चरित्रकार सांगतात, नाथ स्वतः जाऊन त्याला घेऊन आले. प्राकृत सांगणार नाही, परान्न घेणार नाही, या दोन्ही अटी कबूल केल्या.

पुढचा पत्रावळींचा चमत्कार सर्वांस ठाऊक आहे. आमचे मन मात्र त्याआधीच्या दिवसांपाशी घोटाळते. पैठणच्या त्या वाड्यात श्रोते येईनासे झाले, आणि ज्याने जन्मभर मराठी बोलली तो बाप मुलासाठी गप्प बसला. ते गप्प बसणे आम्हांस तरी साधत नाही.

आमच्याच घरची गोष्ट सांगतो. आम्ही आणि मातोश्री, दरसाल दोघेही वारीला. एका वर्षी आमच्या मंडळींनी चुलीपाशी हळूच विचारले, "आत्याबाई, यंदा मी जाऊ का?" झाले! "तुझ्या वयाला मी उंबरा ओलांडला नव्हता. पेरणी तोंडावर, म्हैस दुभती, पोरं कोण बघणार?" दोन दिवस घरात भांडीच तेवढी बोलत होती. आम्ही हरिपाठाची पोथी पुढे धरून बसलो. यंदा आपणच मागे राहावे, हे आमच्या मनातही आले नाही. लाज वाटते, पण खरे ते खरे.

ज्येष्ठ वद्य सप्तमीच्या रात्री मातोश्रींनी स्वतःच गाठोडे बांधले. डोईवर घ्यायचे आपले तुळशीवृंदावन सुनेपुढे ठेवले. तोंडाचा पट्टा चालूच! "दिवे घाट चढायच्या आधी पाणी भरून घे. रात्री पायांना तेल लाव. लावायची नाहीस, ठाऊक आहे मला. आणि ह्याच्या मागं रेंगाळू नको, हा दिंडीत गेला की घर विसरतो."

हा शेवटचा टोला आमच्यासाठी होता.

आषाढी करून परत आलो तेव्हा मातोश्री दारातच उभ्या होत्या. वारी करून आलेल्याच्या पाया पडावे, ही आपली रीत. त्या वाकल्या. सून घाबरून मागे सरली, "अहो आत्याबाई, हे काय!"

"तुझ्या नव्हे गं, वारीच्या पाया पडते. नीट उभी राहा."

मग सूनही त्यांच्या पायांवर पडली. मातोश्रींनी तिच्या टाचांच्या भेगा पाहिल्या आणि म्हणाल्या, "लावलं नाहीस ना तेल? चल आत, पाणी तापलंय."